जोड कुठं घ्यायचा

“हे फाडायचं कुठनं, ते तुम्ही ठरवलं का कॉम्प्युटरनं?”

विचारणारे मिस्त्री सत्तरीच्या घरातले होते आणि आवाजात चेष्टा अजिबात नव्हती. कोल्हापुरात उद्यमनगरातल्या त्यांच्या शेडमध्ये मी काकांच्या पिठाच्या गिरणीसाठी हॉपर, म्हणजे वरून दाणे ओतायचं नरसाळं, करून घ्यायला गेले होते. वरचं तोंड चौकोनी, खालचं गोल, मधलं अंग निमुळतं होत गेलेलं. ड्रॉइंग ऑफिसातली नोकरी आणि घरी कागदाची मॉडेलं करायचा नाद, त्यामुळे हे काम मी हौसेनं अंगावर घेतलं होतं. कॉम्प्युटरवर हॉपरचं मॉडेल केलं, ते उलगडून सपाट पॅटर्न काढला, प्लॉटरवर मूळ मापात छापून घेतला आणि गुंडाळी काखेत मारून निघाले. मिस्त्रींनी तो कागद २४ गेजच्या पत्र्यावर पसरला, एका टोकाला हातोडी आणि दुसऱ्याला चहाचा ग्लास ठेवला आणि टेपनं मापं ताडून पाहिली. “माप बरोबर हाय ताई,” म्हणाले. मग कागदाच्या तिरप्या कडेवर बोट ठेवून तो प्रश्न.

माझा पॅटर्न चौकोनाच्या कोपऱ्यातून गोलाकडे जाणाऱ्या रेघेवर सुरू होत होता आणि तिथंच संपत होता. मिस्त्रींचं म्हणणं, ही सगळ्यात लांब रेघ. जोड लांब म्हणजे डाग लांब, वेळ जास्त, कथील जास्त. त्यापेक्षा चौकोनाच्या एका बाजूच्या मधोमध फाडा. ती रेघ सगळ्यात आखूड असते, शिवाय तिथं अंग सपाट असतं, त्यामुळे जोडाची घडी सरळ बसते. “अन् ती बाजू भिंतीकडं जाऊ दे,” हे त्यांनी पाठ फिरवून, डिव्हायडर शोधता शोधता सांगितलं.

मग माझा कागद गुंडाळून कोपऱ्यात गेला आणि ते स्वतः पत्र्यावर आखायला बसले. मला राग यायला हवा होता. पण बघण्यासारखंच होतं. गोल तोंडाचे त्यांनी बारा भाग पाडले. म्हणजे चौकोनाच्या प्रत्येक कोपऱ्याच्या वाट्याला तीन भाग आणि तिथून गोलाकडे जाणाऱ्या चार रेघा. चार कोपऱ्यांच्या मिळून सोळा रेघा, पण तोंडं एकाखाली एक बरोबर मध्यावर असतील तर त्यांत वेगवेगळ्या लांब्या फक्त दोन. वरून बघताना जी लांबी दिसते ती खोटी, कारण रेघ खालीही उतरत असते. म्हणून त्यांनी गुण्या लावला, एका अंगाला हॉपरची उंची घेतली, दुसऱ्या अंगाला वरून दिसणारी लांबी, आणि दोन्हींची टोकं जोडणारी तिरकी रेघ डिव्हायडरमध्ये पकडली. ही खरी लांबी. त्यानंतर सगळा खेळ डिव्हायडरचा. एका बिंदूवर टोक ठेवून चाप मारायचा, दुसऱ्या बिंदूवरून दुसरा चाप, जिथं एकमेकांना छेदतील तिथं पुढचा बिंदू. एक त्रिकोण झाला की त्याच्या अंगाला दुसरा, दुसऱ्याच्या अंगाला तिसरा. जस्ताच्या पांढऱ्या पत्र्यावर स्क्राइबरचा बारीक, किर्र आवाज आणि मागे उमटणारी चंदेरी रेघ. पंख्याच्या पात्यांसारखा आकार हळूहळू उघडत गेला. डिप्लोमाला इंजिनिअरिंग ड्रॉइंगमध्ये आम्ही ही आकृती काढली होती, मार्कांपुरती. तिच्यातून कुणी कधी धान्य ओतत असेल हे तेव्हा डोक्यातही आलं नव्हतं.

कॉम्प्युटर आतून अगदी हेच करतो.

तुम्ही कुठलंही मॉडेल द्या, ससा, शिरस्त्राण, गणपती, त्याच्या लेखी तो फक्त लहान लहान सपाट त्रिकोणांचा ढीग असतो. एक त्रिकोण तो जमिनीवर ठेवतो. शेजारचा त्रिकोण मधल्या कडेवर बिजागरीसारखा वळवून त्याच्या पातळीत आणतो. मग त्याचा शेजारी. असं करत सगळे त्रिकोण एका झाडासारखे जोडलेले राहतात आणि ज्या कडा या झाडात येत नाहीत त्या फाटतात. साधा घन घेतला तर हिशोब पाठच आहे: कसाही उलगडा, त्याच्या १२ कडांपैकी ५ घडीच्या उरतात आणि ७ फाटतात. अशा उलगडण्याच्या वेगवेगळ्या तऱ्हा ११. प्राथमिक शाळेत आपण फक्त त्या अधिक-चिन्हासारख्या तऱ्हेला ओळखतो, बाकीच्या दहा कुणी दाखवत नाही. पेपाकुरा हे जपानी सॉफ्टवेअर किंवा ब्लेंडरमधली कागदी मॉडेलची सोय वापरली तर एक बटण दाबायचा अवकाश, डाव्या बाजूला उभा गणपती आणि उजव्या बाजूला ए-फोरच्या पानांवर पसरलेले त्याचे तुकडे. प्रत्येक जोडाला चिकटवायची पट्टी, म्हणजे फ्लॅप, आणि प्रत्येक कडेला आकडा. ज्या दोन कडा एकमेकींना चिकटायच्या त्यांचा आकडा एकच. पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा मी बराच वेळ नुसती ते तुकडे बघत बसले होते. त्यातला कुठला कान आणि कुठलं पाऊल हे ओळखू येत नव्हतं. सगळं माप शाबूत, एक मिलिमीटर हरवलेला नाही, आणि तरी वस्तू गेलेली.

हा नाद जुना आहे. न्यूरेम्बर्गच्या आल्ब्रेख्ट ड्यूरर या चित्रकारानं १५२५ साली मोजमापावरच्या पुस्तकात घनाकृती अशाच उलगडून छापल्या: पसरलेले पंचकोन, त्रिकोण, कापा आणि घडी घाला. त्यातून निघालेला एक प्रश्न मात्र अजून लोंबकळतोय. कुठेही खड्डा नसलेली, सगळीकडून फुगीर आणि सपाट बाजूंची कुठलीही आकृती घेतली, तर तिच्या कडांवरूनच कापून ती एका अखंड तुकड्यात, एकावर एक न चढता उलगडता येते का? जेफ्री शेफर्ड या गणितज्ञानं १९७५ साली हा प्रश्न नीट शब्दांत मांडला. आजवर ना कुणी तसं सिद्ध केलं, ना उलट उदाहरण शोधून दाखवलं. कडांवरूनच कापायचं ही अट काढून बाजूंच्या मधूनही कात्री चालवू दिली, तर मार्ग सापडलेले आहेत. अट ठेवली की अडतं. मला हे फार आवडतं. पत्र्याच्या शेडमध्ये रोज चाललेल्या कामाच्या शेजारीच असा प्रश्न बसलाय, की जिथं मोठमोठ्यांनी हात टेकलेत.

फुगीर वस्तूंची खरी अडचण तर याच्याही आधी सुरू होते. हॉपर सुटसुटीत उलगडतो, कारण त्याचं अंग एका दिशेनं वळलं तरी दुसऱ्या दिशेनं सरळ राहतं. नळी, शंकू, हवा नेणारा पत्र्याचा डक्ट ही सगळी त्याच कुळातली. पण गणपतीचं पोट? ते उभंही वळतं आणि आडवंही. कार्ल फ्रीडरिश गाउस या जर्मन गणितज्ञानं १८२७ मध्ये याचा निकाल लावून टाकला. पृष्ठभाग न ताणता नुसता वाकवला तर त्याची एका ठरावीक अर्थाची वक्रता बदलत नाही. सपाट कागदाची ती शून्य, गोलाची शून्य नाही, म्हणून गोल कधीही इमानदारीनं सपाट होत नाही आणि सपाट कागद कधीही इमानदारीनं गोल होत नाही. गाउस त्या काळात हॅनोव्हरच्या जमिनीच्या मोजणीत गुंतलेला होता, तेव्हा पृथ्वी कागदावर बसत नाही हे दुखणं त्याच्या रोजच्या कामातलंच. त्याच्या तीनशे वर्षं आधी, १५०७ मध्ये, वाल्डझेम्युलर या नकाशाकारानं पृथ्वीच्या गोलाचा नकाशा १२ निमुळत्या फाकांमध्ये छापला होता; कापून लाकडी गोलावर डकवायचा. फाका जितक्या जास्त तितका गोल बरा. आणि जोडही तितकेच जास्त.

यातून सुटका दोनच प्रकारे: कापा, नाहीतर ताणा. पुण्याच्या तांबट आळीत गेलं तर दुसरा प्रकार कानांनीच कळतो. तांब्याचा पत्रा ठोक्यागणिक पसरतो आणि सपाट थाळीला पोट येतं. तांबं ऐकतं. कागद ऐकत नाही. दोनशे जीएसएमची जाड कार्डशीट तुम्ही कितीही चुचकारली तरी ती वाकेल, दुमडेल, फाटेल, पण ताणली जाणार नाही. कागदाचा हा हट्टीपणाच मला त्याच्याकडे ओढतो, असं कधीकधी वाटतं. त्याच्याशी लबाडी करता येत नाही. पोट हवं असेल तर कुठंतरी पाचर कापून काढावीच लागते.

आत्या ही पाचर रोज कापायची. तिला गाउस माहीत असायचं कारण नव्हतं. इचलकरंजीच्या तिच्या घरी पुढच्या खोलीत शिलाई मशीन होतं आणि त्याच्या पायट्यावर बसून मी सुट्ट्या काढल्या. ब्लाउजपीस म्हणजे सपाट कापड, आणि बाई सपाट नसते. आत्या खडूनं टक्स आखायची, कापडात पाचर घडी पडायची आणि त्या टोकाशी कापड आपोआप फुगायचं. गिऱ्हाईक म्हणालं “कटोरी करा” की जोड वेगळीकडे जायचा, “प्रिन्सेस कट” म्हटलं की दोन टक्स मिळून एकच लांब शिवण व्हायची, खांद्याकडून किंवा मुंढ्यातून निघून थेट कमरेपर्यंत. फुगवटा तोच. बदलायची ती शिवणीची जागा. मला आठवतं ते तिचं मापं घेतल्यानंतरचं थांबणं. कापड पाटावर पसरायचं, कात्री हातात, आणि ती काही क्षण नुसती बघत राहायची. मला वाटायचं ती आकडेमोड करतेय. आकडेमोड वहीत केव्हाच झालेली असायची. ती बघायची ते फूल कुठं आहे, बुट्टी कुठं आहे, काठ कुठून जातोय, आणि शिवण त्यातल्या कशाचा बळी घेणार आहे. एकदा एका बाईंच्या पैठणीच्या ब्लाउजपीसवर एकच मोर होता. तो पाठीवर आला पाहिजे आणि मोडता कामा नये. त्या दिवशी ती दुपारचं जेवण झाल्याशिवाय कात्रीला शिवली नाही.

सॉफ्टवेअर असं थांबत नाही. थांबण्यासारखं त्याला काही दिसतच नाही. मोर आणि पाठ, नाक आणि टाच, त्याच्यासाठी सगळे त्रिकोणच.

गेल्या वर्षी भाचीबरोबर कागदाचा गणपती केला तेव्हा हे पुरतं कळलं. पूजेची मूर्ती शाडूचीच होती. हा दारात ठेवायचा, दीड फुटी. २०१८ साली थर्माकोलवर बंदी आल्यापासून आमच्याकडे पुठ्ठा आणि कागद एवढंच सजावटीचं सामान, त्यामुळे भाचीचा हात कटरवर चांगला बसलाय. बटण दाबल्यावर आपोआप आलेला पॅटर्न तिनं पाहिला आणि म्हणाली, “मावशी, याचा डोळा अर्धा या पानावर आणि अर्धा त्या पानावर आहे.” खरंच होतं. फाटलेली एक कड उजव्या डोळ्यातून गेली होती, एक सोंडेवर समोरून, गंधाच्या बरोबर मधून. मग आम्ही दोघी बसलो. पेपाकुरात कडेवर क्लिक केलं की जोडलेली कड सुटते, सुटलेली जुळते. कपाळ अखंड ठेवलं तर कानामागे फाडावं लागतं. कानामागे फाडलं तर मानेचा तुकडा पानाबाहेर जातो. तो आत आणावा तर फ्लॅप एकमेकांवर चढतात. एक जोड लपवला की दुसरा कुठंतरी वर येतो. तासन्‌तास आम्ही गणपतीच्या अंगावरची फाटलेली रेघ इकडून तिकडे सरकवत होतो, आणि भाचीला कंटाळा येत नव्हता याचंच मला नवल वाटत होतं.

सोंड हा सगळ्यात गोड भाग. वळलेली सोंड म्हणजे तिरक्या कापलेल्या नळ्यांची माळ. डक्टचा एल्बो, म्हणजे वळणाचा तुकडा, करतात तसाच प्रकार. नळी तिरकी कापून उलगडली की कापलेली कड कागदावर लाट होऊन येते. अंदाजे नव्हे, चक्क त्रिकोणमितीतला साइनचा वक्र. असे लाटांच्या काठाचे पट्टे एकाखाली एक छापून आले तेव्हा भाचीला ते समुद्राचं चित्र वाटलं. घडीच्या रेघांवरून संपलेलं बॉलपेन स्टीलच्या पट्टीला लावून ओढायचं, म्हणजे कागद दबतो आणि घडी सुबक पडते. कागदाच्या तंतूंच्या दिशेनं घडी असेल तर आणखी छान, आडवी असेल तर काठ कुरतडल्यासारखा दिसतो. कापलेल्या कडेला कागदाचं पांढरं पोट दिसतं, त्यावर स्केचपेन फिरवायचं. फेव्हिकॉल बोटानं नको, काडीनं, आणि थोडा. जास्त झाला की कार्डशीट ओली होऊन फुगते. हे सगळं कुठल्याच मॉडेलमध्ये नसतं. मॉडेलमधल्या कागदाला जाडीच नसते. खऱ्या कागदाला असते, पत्र्याला तर असतेच, म्हणून पत्रा वाकवणारे बेंडिंगवाले प्रत्येक वाकाचं मार्जिन वेगळं धरतात.

आणि शेवटचा जोड. कागदाची बंद वस्तू केलेल्या माणसालाच त्याची धास्ती कळेल. सगळे फ्लॅप आतून बोटानं दाबून चिकटवता येतात, एक सोडून. शेवटचा चिकटवताना बोट आत जायला वाटच उरलेली नसते. म्हणून कुठल्या बाजूनं सुरुवात करून कुठं संपायचं हेही आधीच ठरवावं लागतं, आणि सॉफ्टवेअरनं दिलेले आकडे कड कुणाला जुळते एवढंच सांगतात, आधी कुठली हे नाही. आम्ही सोंडेच्या टोकापासून सुरू केलं, कारण तिथं बोट जात नव्हतं, उदबत्तीची काडी जात होती. मग डोकं, मग कान, मग धड, आणि तळ उघडा ठेवला. तळाला पाट आला. पाटाखाली कोण बघतंय?

जपानमध्ये जुन मितानी आणि हिरोमासा सुझुकी यांनी २००४ मध्ये जोडांचा वेगळाच तोडगा मांडला होता. मॉडेलचे शेकडो त्रिकोण तसेच उलगडण्याऐवजी ते लांब लांब पट्ट्यांमध्ये बसवायचे. पट्टी घडी न घालता नुसती गोलसर वाकते, त्यामुळे वस्तू टोकेरी न दिसता मऊ दिसते; मूळ आकार थोडा इकडे-तिकडे होतो तेवढं सोसायचं. त्या पद्धतीच्या कागदी सशाचं चित्र पाहिलं तर अंगावरचे जोड लपवलेले नसतात, ते सशाच्या वळणांबरोबर वाहत जातात. मला ते बघून आत्याचा प्रिन्सेस कट आठवला. शिवण तिथं लाजून कोपऱ्यात बसत नाही, अंगावरून रुबाबात उतरते.

मिस्त्रींनी हॉपर दुसऱ्या दिवशी दिला. सांध्याची घडी बाहेरच्या अंगाला घेतली होती, आत हात फिरवला तर कुठंही काही लागत नव्हतं, म्हणजे दाणा अडायची सोय नाही. काकांनी तो बसवला तेव्हा जोडाची बाजू अर्थातच भिंतीकडे गेली. भिंतीचं त्यांनी कसं ओळखलं, याचा मी नंतर विचार करत राहिले. काकांची गिरणी त्यांनी पाहिलेली नव्हती. पण गिरणी भिंतीला लागून असते, दळण ओतणारा समोरून येतो, रांगेतली माणसं समोर उभी असतात. हॉपरला पुढची आणि मागची बाजू असते, हे आयुष्यभर हॉपर केलेल्या माणसाला सांगावं लागत नाही. माझ्या मॉडेलला चारही बाजू सारख्याच होत्या. पुढे मी सॉफ्टवेअरमध्ये शोधलं, तर कुठल्या कडा फाडायच्या ते आधी सांगून ठेवायची सोय होती. म्हणजे यंत्राची तक्रार करायला जागा नाही. त्याला सांगणारं कुणीतरी हवं, आणि सांगायचं काय हे गिरणीत चार वेळा दळण घेऊन उभं राहिल्याशिवाय सुचत नाही.

गणपतीच्या पाठीवरचा लांब जोड मात्र भाचीनं लपवू दिला नाही. मी तो भिंतीकडे करणार होते, मिस्त्रींच्या शाळेत नुकतीच शिकून आलेली. तिला दाराच्या मध्यावर ठेवायचा होता, आत येणाऱ्याला समोरून आणि बाहेर जाणाऱ्याला पाठीमागून दिसेल असा. मग पाठीचं काय? तिनं आईच्या जुन्या साडीची जर कापून आणली आणि जोडावरून मानेपासून पाटापर्यंत चिकटवली. उपरण्याचा काठ म्हणून ती इतकी खपून गेली, की शेजारच्या काकूंनी ती जर कुठून आणली हेच आधी विचारलं.

यंदा तिला उंदीर हवाय, गणपतीच्या मापाचा. अंग झालं, कान झाले, मिशांसाठी झाडूच्या काड्या ठरल्या. अडलंय ते शेपटीशी. मी शेपटीचा लांब शंकू उलगडून दाखवला, तर पॅटर्न सुईसारखा आला, टोकाकडे कागद आणि फ्लॅप एकाच रुंदीचे. भाचीनं प्रिंट डोळ्यांजवळ नेऊन पाहिला, माझ्याकडे परत दिला आणि म्हणाली, “शेपटी आपण सुतळीची लावू.”